सोलापूरच्या उन्हाळ्यात सुगंधी मेणबत्ती: बनवणारे, विकणारे आणि पेटवणारे

होटगी रस्ता (धागाकर्ता)

गेल्या काही वर्षांत सोलापुरात सुगंधी मेणबत्त्या बनवणाऱ्यांची संख्या डोळ्यांत भरण्याइतकी वाढली आहे. जुळे सोलापूर असो, विजापूर रस्ता असो, ओळखीपाळखीत कोणी ना कोणी घरच्या गॅसवर मेण वितळवून काचेच्या बरण्यांत ओतत असते, इन्स्टाग्रामवर छायाचित्रे टाकत असते आणि दिवाळीच्या तोंडावर रात्री जागून मागण्या पुऱ्या करत असते. या उद्योगाविषयी कौतुकाचे पुष्कळ लिहिले जाते. मला थोडे वेगळे विचारायचे आहे: या मेणबत्त्या विकत घेणारी मंडळी त्या पेटवतात का?

आमच्या पिढीच्या लेखी मेणबत्ती म्हणजे भारनियमन. पांढऱ्या मेणबत्त्यांचे पुडे घरात मिठासारखे भरून ठेवलेले असत आणि त्यांना वास असलाच तर तो मेणाचा व जळक्या वातीचा. ही मेणबत्ती बनवणे हा कायद्यानेही लहान माणसाचा धंदा होता. लघुउद्योगांसाठी राखून ठेवलेल्या वस्तूंच्या यादीत ती अगदी शेवटपर्यंत टिकली. एप्रिल २०१५ मध्ये केंद्र सरकारने उरलेल्या २० वस्तूंचे आरक्षण उठवले, त्यांत मेणबत्त्या, उदबत्त्या, लोणची, कुलुपे, काड्यापेट्या अशा वस्तू होत्या. मोठ्या कंपन्यांना या धंद्याचे दार उघडले ते अशा वेळी, जेव्हा उजेडासाठी मेणबत्ती घेणारा ग्राहक जवळजवळ संपला होता आणि वासासाठी घेणारा नुकता तयार होत होता.

परदेशात हा बदल फार आधी झाला. पॅरिसमधल्या दिप्तिकने १९६१ साली कापडाच्या नक्षीकामाचे दुकान म्हणून सुरुवात केली आणि १९६३ साली सुगंधी मेणबत्त्या आणल्या. आज लोक त्या दुकानाला कापडासाठी ओळखत नाहीत. (सोलापूरकराने इथे क्षणभर थांबून विचार करायला हरकत नाही.) अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यातील साउथ हॅडली गावी मायकेल किट्रिज नावाच्या शाळकरी मुलाने १९६९ साली मेणाचे रंगीत खडू वितळवून आईला नाताळची भेट म्हणून एक मेणबत्ती केली. त्यातून उभी राहिलेली यांकी कँडल ही कंपनी २०१३ मध्ये सुमारे पावणेदोन अब्ज डॉलरना विकली गेली.

तिथला ग्राहक मेणबत्ती खरोखर जाळतो, याचा एक विलक्षण पुरावा करोनाच्या काळात पुढे आला. २०२० मध्ये अमेरिकेतील एका संशोधिकेने ॲमेझॉनवरील मेणबत्त्यांचे अभिप्राय तपासले, तेव्हा त्या वर्षी सुगंधी मेणबत्त्यांना मिळणारे गुण घसरले होते आणि "वासच येत नाही" अशा तक्रारी वाढल्या होत्या. बिनवासाच्या मेणबत्त्यांच्या गुणांत तशी घसरण नव्हती. मेणबत्त्या ठीक होत्या, ग्राहकांची घ्राणशक्ती गेली होती. आपल्याकडे अशी तक्रार कोण करणार? वास येत नाही हे कळण्यासाठी आधी काडी ओढावी लागते.

आपल्याकडे सुगंधी मेणबत्ती संक्रांतीच्या वाणात, बारशात, डोहाळजेवणात, लग्नाच्या परतभेटीत हातोहात फिरते. घेणारी बाई झाकण उघडून वास घेते, "छान आहे हो" म्हणते आणि बरणी शोकेसमध्ये ठेवते. पुढच्या वर्षी तीच बरणी तिसऱ्या घरी जाते. माझे म्हणणे असे आहे की, जो माल वापरलाच जात नाही त्याच्या खोडी बनवणाऱ्याच्या कानावर येत नाहीत, आणि म्हणून सोलापुरात बनणारी मेणबत्ती सोलापूरच्या हवेसाठी, इथल्या घरांसाठी, इथल्या नाकासाठी कधी घडतच नाही. युट्यूबवर पाहिलेली थंड प्रदेशातली कृती जशीच्या तशी इथे ओतली जाते. बनवणाऱ्या, विकणाऱ्या आणि (असल्यास) पेटवणाऱ्या सर्वांनी यावर सविस्तर लिहावे, ही विनंती.

ओतकाम

मी या धंद्यात आहे. आपले निरीक्षण परतभेटींपुरते बरोबर आहे. मात्र हवेची खोड कळायला ग्राहकाने मेणबत्ती पेटवावी लागत नाही. सोलापूरचा मे महिना ती काडीशिवाय पेटवतो.

बरणीत ओतण्यासाठी जे सोया मेण (सोयाबीनच्या तेलापासूनचे) मिळते, त्याचा द्रवणांक साधारण ४६ ते ५२ अंश सेल्सिअस असतो. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा ४२-४४ अंशांवर जातो, आणि तो सावलीतला. कुरिअरच्या बंद गाडीत किंवा पत्र्याच्या छपराखाली तापमान त्याहून कितीतरी वर असते. मेण पूर्ण वितळण्याच्या बरेच आधी मऊ पडते, त्यात मुरवलेले सुगंधी तेल पृष्ठभागावर थेंबांच्या रूपाने सुटते. आम्ही त्याला मेणबत्तीला घाम फुटणे म्हणतो. रात्री गार झाल्यावर तेच मेण पुन्हा घट्ट होते, पण वर खड्डे पडतात आणि मेण काचेपासून सुटून पांढरे डाग दिसू लागतात. पुण्याला किंवा बंगळुरूला जी मेणबत्ती वर्षभर देखणी राहते, ती आपल्याकडे अक्षय तृतीयेपर्यंत वाईट दिसू लागते.

यावर उपाय आहेत. बरणीबाहेरच्या उभ्या मेणबत्तीसाठी ५८-६० अंशांना वितळणारे शुद्ध पॅराफिन, म्हणजे खनिज तेलापासूनचे मेण, वापरता येते. बरणीसाठी सोया आणि पॅराफिनचे मिश्रण करता येते, थोडे स्टिअरिक आम्ल घालून मेण कडक करता येते, कारण त्याचा द्रवणांक ६९ अंशांच्या आसपास असतो. मधमाशीचे मेण ६२-६४ अंशांपर्यंत टिकते, पण ते महाग आहे आणि त्याचा स्वतःचा वास मोगऱ्याशी भांडतो. नारळाचे मेण तर आपल्या हवेत एकटे वापरण्याचा विचारही करू नये. म्हणजेच इथली शहाणी मेणबत्ती ही मिश्र मेणाची असायला हवी.

अडचण अशी की ग्राहकाला "शंभर टक्के सोया" हे शब्द हवे असतात. मिश्रण आहे असे खरे लिहिले की लोक शेजारच्या पानावरून खरेदी करतात. त्यामुळे अनेक जण मिश्रण वापरतात आणि लेबलावर सोया लिहितात. मे महिन्यात दुकानाच्या उन्हाच्या काचेमागे जी "शंभर टक्के सोया" मेणबत्ती ताठ उभी आहे, तिच्याविषयी मला आदर वाटत नाही, शंका वाटते.

पेटवणाऱ्यांसाठी थोडे. पहिल्यांदा लावाल तेव्हा वरचे मेण बरणीच्या कडेपर्यंत वितळेस्तोवर ती विझवू नका. लवकर विझवली तर पुढच्या वेळी मेण मध्येच खड्डा करत खाली जाते आणि कडेचे अर्धे मेण वाया जाते. दर वेळी लावण्यापूर्वी वात सुमारे ६ मिलिमीटर ठेवून कापा. सलग चार तासांहून जास्त जाळू नका. मी हे सगळे छापून प्रत्येक खोक्यात घालते आणि तो कागद न वाचता फेकला जातो, हे मला ठाऊक आहे.

मधला मारुती

आमचे पूजासाहित्याचे आणि भेटवस्तूंचे घाऊक दुकान आहे, म्हणून विक्रीच्या बाजूने दोन गोष्टी सांगतो. आमच्याकडे सुगंधी मेणबत्ती मागणारा ग्राहक प्रथम किंमत सांगतो, मग नग सांगतो आणि वासाचा विषय निघालाच तर शेवटी निघतो. शंभर-दीडशे नगांची ऑर्डर असेल तर बरणीवर नवरा-नवरीचे नाव हवे असते आणि साडीच्या रंगाशी जुळणारी फीत हवी असते. वातीविषयी आजवर मला कोणी प्रश्न विचारलेला नाही.

त्यामुळे धागाकर्त्यांचा मुद्दा मला पटतो, फक्त त्यात दुःख करण्यासारखे काय आहे ते समजले नाही. वाणात दिलेल्या प्लास्टिकच्या डब्या कोणी वापरत होते का? निदान ही बरणी रिकामी झाली तर तीत बडीशेप तरी ठेवता येते.

अत्तरवाली

मी सुगंधद्रव्यांच्या उद्योगात नोकरी केलेली आहे, त्यामुळे बरणीतल्या वासाविषयी सविस्तर लिहिते.

मेणबत्तीचा वास ज्योतीतून येतो असा सार्वत्रिक समज आहे. ज्योतीत जे सुगंधी तेल पोहोचते ते मेणासोबत जळून जाते, आणि जळालेल्या तेलाला सुगंध उरत नाही. खोलीत पसरणारा वास मुख्यतः ज्योतीभोवती साचलेल्या वितळलेल्या मेणाच्या तळ्यातून बाष्पाच्या रूपाने उठतो. ज्योतीचे काम ते तळे तापते ठेवण्याचे. म्हणून "ओतकाम" ताईंनी सांगितलेली पहिली सूचना केवळ मेण वाचवण्यापुरती नाही: तळे जितके रुंद, तितका वास अधिक. झाकण उघडताच दरवळणारी मेणबत्ती पेटवल्यावर मुकी ठरू शकते आणि बंद असताना साधी वाटणारी पेटवल्यावर घर भरू शकते, कारण गार मेणातून उडणारे रेणू आणि गरम मेणातून उडणारे रेणू वेगवेगळे असतात. लिंबू-संत्र्याचे हलके घटक आधी उडतात, चंदन किंवा व्हॅनिलासारखे जड घटक उष्णतेची वाट पाहतात. धागाकर्त्यांनी वर्णिलेली बाई झाकण उघडून मेणबत्तीची परीक्षा घेते, आणि चतुर उत्पादक नेमके त्या परीक्षेपुरते हलके घटक वाढवतो.

प्रमाणाचे म्हणाल तर मेणाच्या वजनाच्या सहा ते दहा टक्के सुगंधी तेल घालण्याची रीत आहे. २०० ग्रॅम मेणात आठ टक्क्यांनी १६ ग्रॅम. याहून जास्त घातले तर वास वाढत नाही. मेण ते तेल धरून ठेवू शकत नाही, वात गुदमरते, काजळी वाढते, आणि आपल्या उन्हाळ्यात तो वर सांगितलेला घाम लवकर फुटतो. सोया मेणात तेल घातल्यावर आठवडा-दोन आठवडे ते मुरू द्यावे लागते. दिवाळीच्या आदल्या दिवशी ओतून दुसऱ्या दिवशी दिलेली मेणबत्ती म्हणूनच फसवी निघते.

आता "नैसर्गिक" या शब्दाविषयी. एक किलो गुलाबतेल काढण्यासाठी काही टन पाकळ्या लागतात. तीन-चारशे रुपयांच्या बरणीत खरे गुलाबतेल असणे हिशेबातच बसत नाही. तिथे फिनाइल इथाइल अल्कोहोल, जिरॅनिऑल, सिट्रोनेलॉल अशा घटकांचा मेळ असतो, आणि त्यात लाज वाटण्यासारखे काहीही नाही, कारण हेच रेणू गुलाबातही असतात. मोगऱ्याच्या वासात बेंझाइल ॲसिटेटचा वाटा मोठा आहे. त्याच्या जोडीला इंडोल नावाचा एक घटक अतिशय थोडा असतो, जो एकटा हुंगला तर नाक मुरडावे लागते आणि जो काढून टाकला तर मोगरा साबणासारखा वाटू लागतो. ही कला आपल्या मातीत नवी नाही. केळकर कुटुंबाने १९२२ साली मुंबईत सुरू केलेली एस. एच. केळकर ही कंपनी आज देशातील मोठ्या सुगंध उत्पादकांपैकी आहे. तेव्हा बनवणाऱ्यांनी "कृत्रिम" या शब्दाला घाबरू नये. घाबरायचे असेल तर ज्या तेलासोबत सुरक्षिततेचा कागद मिळत नाही त्या सुट्या, बिननावाच्या तेलाला घाबरावे. आंतरराष्ट्रीय सुगंध संघटना, म्हणजे इफ्रा, १९७३ पासून कोणता घटक कोणत्या वापरात किती असावा याच्या मर्यादा ठरवते. तेल घेताना मेणबत्तीसाठीचे इफ्रा प्रमाणपत्र मागावे. चांगला पुरवठादार ते विनातक्रार देतो.

पूर्व भाग

मला दम्याचा त्रास आहे. घरात सून या मेणबत्त्या लावते, तिला नाही म्हणवत नाही. सोया मेणबत्तीचा धूर होत नाही आणि पॅराफिनची विषारी असते, असे ती सांगते. यात तथ्य किती? दुसरे असे की आमच्याकडे मार्चपासून पंखा बंद करणे शक्य नसते, आणि पंख्याखाली ती ज्योत सारखी नाचते व बरणीचा काठ काळा होतो. मग तो धूर नाही तर काय आहे?

अत्तरवाली

काका, तो धूरच आहे, आणि तो मेणाच्या जातीमुळे कमी आणि पंख्यामुळे अधिक आहे. स्थिर ज्योतीत मेणाची वाफ जवळजवळ पूर्ण जळते. वाऱ्याने ज्योत हेलकावली की काही कार्बन अर्धवट जळून काजळी म्हणून बाहेर पडतो. वात लांब असली तरी तेच होते. हा नियम सोयाला आणि पॅराफिनला सारखाच लागू आहे. २००७ साली वेगवेगळ्या मेणांच्या ज्वलनाची तुलना करणारी एक चाचणी झाली, तीत मेणामेणांत आरोग्याच्या दृष्टीने दखल घ्यावी असा फरक आढळला नाही. त्या चाचणीचा खर्च मेणबत्ती उद्योगाच्या संघटनांनी केला होता, हे लक्षात ठेवूनच ती वाचावी. परंतु रसायनशास्त्राच्या सामान्य ज्ञानाशी तिचा निष्कर्ष विसंगत नाही.

तरीही आपल्याला दमा आहे, तेव्हा मेण कोणते हा प्रश्न दुय्यम ठरतो. तीव्र सुगंध हाच अनेक दमेकऱ्यांना त्रास देतो, मग तो खऱ्या फुलाचा का असेना. लिंबूवर्गीय वासांतील लिमोनीन या घटकाची हवेतील ओझोनशी क्रिया होऊन थोडे फॉर्मल्डिहाइड, म्हणजे श्वासाला त्रास देणारा वायूही तयार होतो. सूनबाईंना मेणबत्ती दुसऱ्या खोलीत, खिडकी थोडी उघडी ठेवून लावायला सांगा, आणि त्रास वाढला तर डॉक्टरांचे ऐका, आमचे नको. उदबत्तीविषयीही हेच सांगेन. कणांच्या बाबतीत तिचा धूर मेणबत्तीपेक्षा जड असतो, पण तिला देवघराचे संरक्षण असल्यामुळे कोणी बोलत नाही.

ओतकाम

पंख्याचा मुद्दा "पूर्व भाग" काकांनी मांडला हे फार चांगले झाले, कारण मला वाटते या धाग्याचे खरे उत्तर तिथे आहे. परदेशी कृतींमध्ये बंद खिडक्यांची, थंड हवेची खोली गृहीत धरलेली असते. आपल्याकडे वर्षातले आठ महिने छतावर पंखा फिरतो. माझ्या मेणबत्त्या पेटवणारे ग्राहक मला माहीत आहेत; त्यांतले बहुतेक जण वातानुकूलित खोलीवाले आहेत किंवा फक्त नोव्हेंबर ते जानेवारी या काळात, गड्ड्याच्या यात्रेपर्यंत, मेणबत्ती लावणारे आहेत. बाकीच्यांनी एकदा लावून पाहिलेली असते, काच काळी झालेली असते आणि मग ती बरणी शोकेसमध्ये गेलेली असते. म्हणजे ते पेटवत नाहीत याचे कारण केवळ वाणाची रीत नाही. वस्तूच इथल्या घरात नीट चालत नाही.

त्यावर मी सध्या उंच, अरुंद तोंडाच्या बरण्या आणि किंचित बारीक वात वापरून पाहते आहे, म्हणजे ज्योत काठाच्या आत, वाऱ्यापासून आडोशाला राहते. दुसरा मार्ग वातीशिवायच्या सुगंधी मेणाच्या वड्यांचा. त्या विजेवर तापणाऱ्या लहान वाटीत ठेवल्या की ज्योत नाही, काजळी नाही, आणि पंखा चालू ठेवता येतो. पण त्यांचे छायाचित्र चांगले येत नाही, म्हणून त्या विकल्या जात नाहीत.

पंढरपूरकर

इतका वेळ वाचतो आहे, आणि लॅव्हेंडर, व्हॅनिला, संत्रे यांच्यापुढे चर्चा जात नाही याचे नवल वाटते. आपल्याच जिल्ह्यात पंढरपूरला उदबत्ती, बुक्का आणि अष्टगंध बनवणारी घरे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आहेत. वाळा, नागरमोथा, कापूरकाचरी, चंदन यांची समज असणारी माणसे तिथे बसलेली असताना सोलापूरच्या मेणबत्तीला "फ्रेंच व्हॅनिला" का व्हावे लागते? आपल्या नाकाला लॅव्हेंडर म्हणजे फरशी पुसण्याच्या द्रवाचा वास वाटतो, हे कोणी तरी स्पष्ट बोलायला हवे. वाळ्याचा वास उन्हाळ्यात नुसत्या आठवणीने गारवा देतो, आणि तो जड असल्यामुळे गरम मेणातून बराच वेळ टिकेलही, असे अत्तरवाली ताईंच्या लिखाणावरून वाटते.

एक मात्र सांगतो. बुक्क्याच्या वासाची मेणबत्ती कोणी काढू नये. तो वास कपाळाचा आहे, बैठकीच्या टीपॉयवरचा नाही. हा माझा हट्ट समजा.

अत्तरवाली

आपला अंदाज बरोबर आहे. वाळ्याचे तेल जड आणि टिकाऊ असते. फक्त खरे वाळ्याचे तेल महाग पडते, म्हणून थोड्या खऱ्या तेलाला इतर घटकांचा आधार द्यावा लागेल. वाळलेली मुळे किंवा पाकळ्या सजावटीसाठी मेणात खोचण्याचा मोह मात्र टाळावा. त्या दुसऱ्या वातीसारख्या पेट घेतात.

हिशेबनीस

कायद्याच्या अंगाने लिहितो, कारण घरगुती उत्पादकांपैकी फार थोड्यांना याची कल्पना असते. वैधमापन कायद्याखालील २०११ च्या आवेष्टित वस्तू नियमांनुसार बंद खोक्यातल्या मेणबत्तीवर बनवणाऱ्याचे नाव व पत्ता, निव्वळ वजन, उत्पादनाचा महिना व वर्ष, सर्व करांसहित कमाल किंमत आणि तक्रारीसाठी संपर्क छापणे बंधनकारक आहे. "हाताने प्रेमाने बनवलेली" हे वाक्य त्यांपैकी एकाचीही जागा घेत नाही. निव्वळ वजन म्हणजे मेणाचे वजन. जाड काचेची बरणी धरून वजन सांगणे ही फसवणूक आहे, आणि ती सर्रास चालते. मेणबत्ती सौंदर्यप्रसाधनांत मोडत नसल्यामुळे क्रीम-शांपूप्रमाणे घटकांची यादी छापण्याची सक्ती तिच्यावर नाही, म्हणून "सोया"चा खेळ चालतो. परंतु मिश्रणाला शंभर टक्के सोया म्हणणे हे २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानुसार दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीत मोडेल.

ग्राहकाने वजन पाहावे ते हिशेबासाठीही. मध्यम आकाराची मेणबत्ती तासाला साधारण पाच ते सात ग्रॅम मेण जाळते. २०० ग्रॅमची बरणी तीस-चाळीस तास चालते. ती समजा ६०० रुपयांना घेतली, तर तासाला पंधरा-वीस रुपये झाले. परवडते की नाही ते ज्याचे त्याने ठरवावे, पण हा आकडा मनात असला म्हणजे ८० ग्रॅमच्या नक्षीदार बरणीला ४५० रुपये देताना हात थोडा थांबतो.

दुसरा विषय आगीचा, आणि तो मी हलका घेणार नाही. ८ डिसेंबर २०२३ रोजी पिंपरी-चिंचवडजवळ तळवडे येथे केकवर लावायच्या फुलबाजीसारख्या मेणबत्त्यांच्या कारखान्यात आग लागून तिथे काम करणाऱ्या महिलांचा बळी गेला. तिथे शोभेच्या दारूचा प्रकार होता, साध्या मेणाचा नव्हता, हे खरे. पण १८ मे २०२५ रोजी आपल्याच अक्कलकोट रस्ता एमआयडीसीतील टॉवेल कारखान्याच्या आगीत आठ जण गेले, त्यांत आवारातच राहणारे कुटुंब होते. राहते घर आणि ज्वालाग्राही मालाचा साठा एकत्र असणे म्हणजे काय, हे या शहराला सांगावे लागू नये. स्वयंपाकघरात मेण वितळवणाऱ्यांनी भांडे थेट ज्योतीवर ठेवू नये, पाण्याच्या भांड्यात ठेवावे, तापमापी वापरावी, मेण पेटलेच तर त्यावर पाणी कदापि ओतू नये, झाकण घालून हवा तोडावी. धंदा वाढला की जागा वेगळी घ्यावी आणि विमा उतरवताना काय बनवतो ते खरे लिहावे.

मधला मारुती

मेणाच्या वजनाचा मुद्दा लक्षात ठेवला आहे. उद्यापासून एक काटा आणि एक रिकामी बरणी दुकानात ठेवतो. पुरवठादारांना ते आवडणार नाही.

यंत्रमाग

सगळे मेणावर आणि वासावर बोलत आहेत. वातीवर फक्त ओतकाम ताई बोलल्या. मी सुताच्या धंद्यातला आहे, तेव्हा माझ्या बाजूने लिहितो.

आपण फुलवाती वळतो, समईच्या वाती वळतो, पण मेणबत्तीची वात वळलेली चालत नाही, ती वेणीसारखी विणलेली लागते. १८२५ च्या सुमारास फ्रान्समध्ये कांबासेरे याने विणलेली वात काढली. तोवर मेणबत्तीची काजळलेली वात सतत कात्रीने छाटत बसावे लागे. विणीतल्या ताणामुळे वात जळताना टोकाशी वाकते, ज्योतीच्या बाहेरच्या गरम भागात येते आणि तिथे स्वतःच जळून जाते. पुढे ती बोरॅक्ससारख्या क्षारांच्या द्रावणात बुडवून वाळवण्याची रीत आली, म्हणजे राख साठत नाही. वात ताठ राहावी म्हणून काही देशांत तिच्या गाभ्यात शिशाची तार घालत. अमेरिकेने २००३ मध्ये त्यावर बंदी आणली. आता गाभा हवा असेल तर कागदाचा, सुताचा किंवा जस्ताचा असतो. स्वस्त आयात मालात धातूचा गाभा दिसला तर तो कशाचा आहे हे विचारल्याशिवाय घेऊ नये.

आता सोलापूरचा प्रश्न. चादरीला भौगोलिक निर्देशांक आहे, टॉवेल देशभर जातात, सुताचे कोन गल्लोगल्ली मिळतात, नाडी विणण्याची लहान यंत्रे गावात आहेत. आणि आपल्या मेणबत्तीवाल्या मैत्रिणी वाती ऑनलाइन मागवतात, त्यांतल्या बऱ्याच परदेशी मापाच्या. नाडीच्या यंत्रावर सुती धाग्यांची बारीक वेणी निघणे अवघड नाही. अटी दोन. कांजी दिलेले सूत चालणार नाही, कारण ती जळून टोकाशी कोळशाची गाठ धरते. आणि रंगीत सुताचा उरलासुरला मालही चालणार नाही, कारण रंगद्रव्याने वातीचे तोंड बुजते. कोरे, एकसारख्या काउंटचे, म्हणजे एकाच जाडीचे, सूत हवे. खरी मेहनत यंत्रावर नाही, मापात आहे: कोणत्या व्यासाच्या बरणीला, कोणत्या मेणाला, किती धाग्यांची वेणी, हे जाळून जाळूनच ठरवावे लागेल, आणि तेही चालत्या पंख्याच्या खोलीत.

होटगी रस्ता (धागाकर्ता)

सर्वांचे आभार. मी धागा काढताना दोष ग्राहकाच्या न पेटवण्याला दिला होता. "ओतकाम" ताई आणि "पूर्व भाग" काका यांनी कारण पंख्यापर्यंत नेले, हे मला अधिक पटते. त्यात भर म्हणून महाबळेश्वरचे उदाहरण देतो. भावेश भाटिया यांनी स्वतः दृष्टिहीन असताना सनराइज कँडल्स उभी केली आणि असंख्य दृष्टिहीन माणसांना त्यात काम दिले. तो माल सहानुभूतीवर एकदाच खपला असता. वर्षानुवर्षे खपतो याचा अर्थ लोक तो परत घेतात. परत घेणारा ग्राहक म्हणजे पेटवणारा ग्राहक. सोलापुरातल्या उत्पादकांनी परतभेटींच्या ऑर्डरी जरूर घ्याव्यात, घरखर्च त्यावर चालतो, पण एखादा प्रकार तरी असा ठेवावा जो दुसऱ्यांदा मागितला जाईल. वाळ्याला माझे मत.

"यंत्रमाग", आपण वातीचे नमुने काढून द्याल का? आणि ओतकाम ताई, आपण ते जाळून पाहाल का?

ओतकाम

आनंदाने. माझ्या बरण्या आतून ६ आणि ७ सेंटिमीटर व्यासाच्या आहेत, मेण सोया-पॅराफिन मिश्र. आधी बिनवासाच्या मेणात पाहू, मग सुगंधी तेल घालू, म्हणजे दोष वातीचा की तेलाचा हे वेगळे कळेल.

यंत्रमाग

तीन जाडींच्या वेण्या काढतो, प्रत्येकी दहा-दहा मीटर. क्षाराचे द्रावण किती टक्क्यांचे घ्यायचे ते अत्तरवाली ताईंनी सांगावे, आमच्याकडे फक्त रंगाचे द्रावण कळते. आणि बरणीचे नमुने पाठवताना पंखा कितीवर चालवणार तेही लिहून द्या.